अभिरूप न्यायालयात १९०८चा टिळक खटला : ज्युरीने पुरावा पटूनही ‘निर्दोष’ म्हटलं तर पुढे काय?

अभिरूप_मंडळ, पुणे

नमस्कार. आम्ही विधी शाखेचे काही विद्यार्थी १ ऑगस्टला, लोकमान्यांच्या पुण्यतिथीला, १९०८चा राजद्रोहाचा खटला अभिरूप न्यायालयात चालवणार आहोत. न्यायाधीश, वकील आणि आरोपी आमच्यातलेच. ज्युरी मात्र प्रेक्षकांतून चिठ्ठ्या टाकून निवडायची असं ठरलंय.

तालमीत एक प्रश्न निघाला आणि त्यावरून दोन तट पडले. पुण्यातला श्रोता टिळकांना दोषी ठरवणार नाही हे उघड आहे. पण त्याचं कारण ‘लेख राजद्रोही नव्हते’ हे असेल, की ‘लेख कलमात बसतात, पण कलमच अन्यायाचं आहे’ हे असेल? दुसरं कारण असेल तर ते ज्युरी नलिफिकेशन झालं. म्हणून विचारतो :

त्या वेळच्या कायद्याप्रमाणे ज्युरीला तसं करता आलं असतं का, आणि निकाल टिकला असता का? बचावाच्या वकिलाने ज्युरीला ‘हा कायदा मानू नका’ असं सरळ म्हणावं का? नानावटी खटला (नौदल अधिकाऱ्याने पत्नीच्या प्रियकराला गोळ्या घातल्याचा) हे याचंच उदाहरण आहे, असं आमच्यातले काही जण म्हणतात, ते बरोबर आहे का? आणि आज आपल्याकडे ज्युरी नाही, मग हा विषय फक्त इतिहासाचा उरला का?

जुनी_संहिता

नलिफिकेशन हा अधिकार म्हणून कुठल्याही संहितेत शोधू नका, बहुतेक ठिकाणी सापडणार नाही. तीन गोष्टी एकत्र आल्या की ही ताकद आपोआप तयार होते. पहिली, ज्युरी फक्त ‘दोषी’ किंवा ‘निर्दोष’ एवढंच सांगते, कारणं देत नाही. दुसरी, दिलेल्या निकालाबद्दल ज्युरीतल्या माणसाला शिक्षा करता येत नाही. तिसरी, निर्दोष सुटकेविरुद्ध सरकारला अपील नाही. यातली एक जरी काढली तरी ताकद संपते. तुमच्या पहिल्या आणि तिसऱ्या प्रश्नाचं उत्तर यातच आहे.

दुसरी गोष्ट इंग्लंडमध्ये १६७०च्या खटल्यातून पक्की झाली. विल्यम पेन आणि विल्यम मीड हे क्वेकर पंथाचे लोक लंडनच्या रस्त्यावर प्रवचन केल्याबद्दल आरोपी होते. ज्युरी त्यांना दोषी ठरवेना, म्हणून तिला दोन रात्री अन्नपाण्याविना कोंडून ठेवलं. तरीही निकाल बदलला नाही, तेव्हा प्रत्येकाला ४० मार्क दंड केला आणि तो भरेपर्यंत तुरुंग. एडवर्ड बुशेल नावाच्या ज्युररने हेबिअस कॉर्पस अर्ज (बेकायदा कोठडीतून सुटकेसाठीचा) केला. मुख्य न्यायाधीश व्हॉन यांनी ठरवलं की निकालासाठी ज्युरीला दंड करता येणार नाही.

आता १९०८कडे या. तेव्हा १८९८ची फौजदारी प्रक्रिया संहिता लागू होती आणि खटला मुंबई उच्च न्यायालयात, न्या. दावर यांच्यापुढे चालला. कलम २७४ प्रमाणे उच्च न्यायालयात ज्युरी नऊ जणांची. कलम ३०५ तुमच्या नाट्यसंहिता लिहिणाऱ्याने भिंतीवर चिकटवून ठेवावं :

– नऊही जण एकमताने बोलले, तर न्यायाधीशाला त्याप्रमाणेच निकाल द्यावा लागतो. त्याचं स्वतःचं मत काहीही असो.
– एकमत नाही, पण किमान सहा जण एका मताचे आहेत आणि न्यायाधीश त्यांच्याशी सहमत आहे, तर तो निकाल होतो.
– न्यायाधीश बहुमताशी असहमत असेल, तर त्याने ज्युरी तिथल्या तिथे बरखास्त करायची.
– सहा जणही एका मताचे नसतील, तर वाजवी वेळ वाट पाहून बरखास्त करायची.

बरखास्तीनंतर आरोपी सुटत नाही. कलम ३०८ प्रमाणे तो कोठडीत किंवा जामिनावर राहतो आणि नव्या ज्युरीपुढे पुन्हा खटला चालतो, न्यायाधीशाला तो चालवू नये असं वाटलं तरच थांबतो.

प्रत्यक्षात काय झालं? सात युरोपियनांनी दोषी म्हटलं आणि दोन पारशांनी निर्दोष. ७ विरुद्ध २, तिन्ही आरोपांवर. दावर सात जणांशी सहमत झाले, त्यामुळे सहाची अट पुरी झाली. सहा वर्षं काळं पाणी आणि हजार रुपये दंड.

आता तुमचा प्रश्न उलटा करून पाहा. सात जणांनी निर्दोष म्हटलं असतं आणि दावर असहमत असते, तर सुटका झाली नसती. ज्युरी बरखास्त आणि खटला पुन्हा. आठ जणांनी म्हटलं असतं तरी तेच. नलिफिकेशन खरोखर लागू पडायला नऊच्या नऊ मतं हवी होती. ती मिळाली असती तर मात्र सरकारचे हात बांधले गेले असते. कलम ४१७ मधलं निर्दोष सुटकेविरुद्धचं अपील उच्च न्यायालयाच्या स्वतःच्या आदेशाला लागू नव्हतं, आणि ज्युरीशी असहमत होऊन प्रकरण वर पाठवायची कलम ३०७ची सोय फक्त सत्र न्यायाधीशाला होती. म्हणजे वर सांगितलेल्या तिन्ही गोष्टी तिथे पुऱ्या होत्या. १९४३ मध्ये कलम ४११-अ घालून ही वाटही बंद केली, पण तुमचा खटला त्याआधीचा आहे.

एक विनंती. टिळकांच्या बाजूने पडलेलं प्रत्येक मत नलिफिकेशनमध्ये मोजू नका. लेखाचा रोख काय, त्यातून सरकारबद्दल अप्रीती उत्पन्न करण्याचा प्रयत्न झाला का, हा प्रश्न कायद्यानेच ज्युरीकडे सोपवलेला होता. दंड संहितेतल्या राजद्रोहाच्या कलम १२४-अ खालच्या स्पष्टीकरणांत सरकारी उपायांवर कडक टीका करायला जागा होती. ‘देशाचे दुर्दैव’ आणि ‘हे उपाय टिकाऊ नाहीत’ हे लेख वाचून एखादा ज्युरर म्हणाला की ही टीका आहे, राजद्रोह नाही, तर त्याने कायदा पाळलाच आहे. ‘राजद्रोह आहे, तरीही मी शिक्षेच्या बाजूने मत देणार नाही’ असं म्हणणारा ज्युरर वेगळा.

शिवाजीनगर_वकील

वरचं उत्तर नेमकं आहे. मी प्रयोग बसवण्याच्या अंगाने लिहितो, कारण असे कार्यक्रम कायद्याच्या चुकांमुळे कमी आणि मांडणीतल्या चुकांमुळे जास्त फसतात.

*निवड.* चिठ्ठ्या टाकून निवडणं बरोबर आहे, पण १९०८ मध्ये खास ज्युरी होती. सरकारी पक्षाने ती मागितली, टिळकांच्या बाजूने विरोध झाला, तो फेटाळला गेला. विरोधाचं कारण ठळक दाखवा : खास यादीत युरोपियनांचा भरणा, त्यांना मराठी येत नाही आणि लेख मराठीत. खटला इंग्रजी भाषांतरांवर लढला गेला, म्हणून टिळकांनी भाषांतरातल्या शब्दांवर एवढा वेळ घालवला. तुमची ज्युरी मराठी वाचणारी असेल, तर खटल्याचा हा कणाच निघून जातो. सरकारी भाषांतरच पुरावा म्हणून द्या आणि मूळ लेखावरची उलटतपासणी बचावाला करू द्या.

*भाषणांचा क्रम.* आरोपीने पुरावा दाखल केला की शेवटचं भाषण सरकारी पक्षाचं. टिळकांनी वृत्तपत्रांतले उतारे दाखल केले आणि शेवटचा शब्द गमावला. बचावाची जबाबदारी असणाऱ्या विद्यार्थ्याला हा निर्णय स्वतः घेऊ द्या. ज्युरीवर याचा परिणाम होतो.

*न्यायाधीशाचं ज्युरीला मार्गदर्शन.* इथे सगळ्यात जास्त घोळ होतो. उत्साहाच्या भरात न्यायाधीश झालेला विद्यार्थी ज्युरीला सांगतो, ‘तुम्हाला कायदा पटत नसेल तर तुम्ही सोडू शकता.’ असं सांगायचं नाही. कलम २९९ प्रमाणे ज्युरीचं काम वस्तुस्थितीची कुठली बाजू खरी हे ठरवून, न्यायाधीशाने सांगितलेल्या कायद्यानुसार जो निकाल येतो तो देणं. अमेरिकेतही हेच आहे : १८९५च्या स्पार्फ खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने ठरवलं की ज्युरीने कायदा न्यायाधीशाकडून घ्यायचा, आणि तिला तो बाजूला ठेवता येतो हे सांगायला न्यायाधीश बांधील नाही. मात्र न्यायाधीशाने उलट टोकालाही जायचं नाही. ‘दोषीच ठरवा’ असा हुकूम देता येत नाही. इंग्लंडमध्ये हाउस ऑफ लॉर्ड्सने २००५ मध्ये वांग खटल्यात ते स्पष्ट केलं, कॅनडाच्या सर्वोच्च न्यायालयाने २००६ मध्ये क्रीगर खटल्यात. ताकद आहे, पण न्यायालय तिची जाहिरात करत नाही आणि ती हिसकावूनही घेत नाही, अशी ही अवस्था आहे.

*बचावाचं भाषण.* ‘कायदा मानू नका’ असं थेट म्हणू नये. १९८८च्या मॉर्गेन्टेलर निकालात कॅनडाच्या सर्वोच्च न्यायालयाने गर्भपाताचं कलम रद्द केलं, पण कायदा पाळू नका असं ज्युरीला सांगणाऱ्या बचावाच्या वकिलाला त्याच निकालात खडसावलं. जाणता वकील कलमाच्या आतच जागा शोधतो : हेतू, शब्दाचा अर्थ, टीकेचं स्वातंत्र्य. टिळकांनी १९०८ मध्ये हेच केलं. इंग्लंडमधल्या अब्रुनुकसानीच्या आणि राजद्रोहाच्या जुन्या खटल्यांचा आधार घेऊन वृत्तपत्रस्वातंत्र्याची राखण ज्युरीने करायची असते, हे त्यांनी मांडलं. त्यात ‘कलम १२४-अ धुडकावा’ असं वाक्य घुसडू नका, इतिहासही चुकेल आणि वकिलीही.

*मतदान.* ज्युरीला वेगळ्या खोलीत बसवा, मोबाइल बाहेर ठेवा, आधी फोरमन (ज्युरीचा प्रमुख) निवडा. तीन आरोपांवर तीन स्वतंत्र निकाल घ्या. निम्म्या वेळा ज्युरी एकच ‘निर्दोष’ घेऊन बाहेर येते आणि बाकीचे आरोप अधांतरी राहतात. पहिल्या फेरीत एकमत झालं नाही तर न्यायाधीश पुन्हा विचाराला पाठवू शकतो, त्यासाठी वीस मिनिटं राखून ठेवा.

विवेकाची_बाजू

सगळे नियम वाचून असं वाटतं की न्यायालयांना या ताकदीची भीती वाटते. पण ज्या वेळी कायदाच अन्यायाचा असतो, त्या वेळी दुसरं काय उरतं? अमेरिकेत पळून आलेल्या गुलामांना आसरा देणाऱ्यांना उत्तरेतल्या ज्युरींनी १८५०च्या कायद्याखाली दोषी ठरवायला नकार दिला. न्यूयॉर्कमध्ये १७३५ साली गव्हर्नरची बदनामी छापल्याच्या आरोपातून छापखानेवाल्या झेंगरला ज्युरीने सोडलं, तेव्हाच्या कायद्याप्रमाणे मजकूर खरा असणं हा बचावच नव्हता. ब्रिटनमध्ये १९८५ साली क्लाइव्ह पाँटिंग या सरकारी अधिकाऱ्याने अर्जेंटिनाचं बेल्ग्रानो हे युद्धजहाज बुडवण्याबद्दलची कागदपत्रं खासदाराला दिली. न्यायाधीशाचं मार्गदर्शन त्याच्या विरोधात होतं, तरी ज्युरीने सोडलं. २०२४ मध्ये लंडनच्या एका फौजदारी न्यायालयाबाहेर ‘ज्युररांना सदसद्विवेकाने सोडण्याचा अधिकार आहे’ असा फलक धरून उभ्या असलेल्या बाईंवर न्यायालयाच्या अवमानाची कारवाई करू द्यायलाही उच्च न्यायालयाने नकार दिला. १९०८ मध्ये नऊ मराठी माणसं तिथे बसली असती तर मंडालेला जायची वेळ आली नसती.

जुनी_संहिता

झेंगर आणि पाँटिंग ही उदाहरणं मान्य. पण १९५५ साली मिसिसिपीत चौदा वर्षांच्या एमेट टिलच्या खुनाच्या खटल्यात बारा गोऱ्यांच्या ज्युरीने साधारण तासाभरात दोघांना सोडलं. त्या दोघांनी पुढे मासिकाला मुलाखत देऊन खून कबूल केला, तरी पुन्हा खटला होऊ शकला नाही. तिथेही तीच तीन कारणं : कारण न देणं, ज्युरीला जाब नसणं, अपील नसणं. यंत्र एकच आहे, त्याला अन्यायी कायदा आणि नकोसा झालेला माणूस यांतला फरक कळत नाही.

म्हणून ज्युरीत कोण बसतं हाच मूळ प्रश्न आहे, आणि टिळकांचे दोन्ही खटले त्याचाच पुरावा आहेत. १८९७ मध्ये न्या. स्ट्रेची यांच्यापुढे ६ विरुद्ध ३ : सहा युरोपियन दोषीच्या बाजूने, तीन भारतीय विरोधात. १९०८ मध्ये ७ विरुद्ध २. दोन्ही वेळा रेषा वंशावरून पडली. आपल्या गावांत ज्युरी असती, तर जातीच्या अत्याचाराच्या खटल्यात बारा जण कोण असते आणि त्यांच्यावर कोणाचं दडपण असतं, याचा विचार करून मगच या ताकदीची बाजू घ्यावी.

नानावटीबद्दल. तो खटला बृहन्मुंबईच्या सत्र न्यायालयात चालला, उच्च न्यायालयाच्या मूळ शाखेत (जिथे ते स्वतःच खटला चालवत असे) नव्हे. त्यामुळे कलम ३०७ उपलब्ध होतं. ज्युरीने ८ विरुद्ध १ निर्दोष म्हटलं. सत्र न्यायाधीश असहमत झाले आणि त्यांनी प्रकरण उच्च न्यायालयाकडे पाठवलं. असं वर पाठवलेलं प्रकरण तपासण्याची कसोटी प्रिव्ही कौन्सिलने (लंडनमधलं तेव्हाचं शेवटचं अपील न्यायालय) १९४६ मध्ये रामानुग्रह सिंग प्रकरणात ठरवली होती : कुठल्याही समंजस माणसांच्या गटाला असा निकाल देता आला नसता, तरच हात घालायचा. मुंबई उच्च न्यायालयाने खुनाबद्दल जन्मठेप दिली आणि २४ नोव्हेंबर १९६१ला सर्वोच्च न्यायालयाने ती कायम केली. एकाएकी चिडण्याचा मुद्दा टिकला नाही, कारण दुपारी दीडच्या सुमाराला घर सोडल्यापासून ४.२०ला गोळ्या झाडेपर्यंत ताबा परत मिळवायला पुरेसा वेळ गेला होता.

ते नलिफिकेशन होतं का? ठामपणे म्हणता येत नाही. बचाव ‘माफ करा’ असा नव्हता, ‘झटापटीत अपघाताने गोळ्या सुटल्या’ असा होता, आणि अपघाताचा अपवाद शाबीत करण्याचा भार आरोपीवर असतो हे न्यायाधीशाने ज्युरीला नीट सांगितलेलंच नव्हतं. आठ जणांना गोष्ट खरी वाटली, की त्यांनी सहानुभूतीने सोडलं, हे ज्युरीने कारण न दिल्यामुळे कायमचं झाकलेलं आहे. तुमच्या मंडळाने एवढं मात्र टाळावं : ‘नानावटीमुळे ज्युरी गेली’ हे वाक्य. विधी आयोगाने १९५८च्या चौदाव्या अहवालातच ज्युरी रद्द करायची शिफारस केली होती, खटला १९५९चा, आणि त्यानंतरही देशात ज्युरीचे खटले होत राहिले. संहितेतून ज्युरी पूर्ण गेली ती १९७३च्या कायद्याने, १ एप्रिल १९७४पासून. पारशी विवाह न्यायालयात प्रतिनिधी बसतात, तेवढा अवशेष उरलाय, पण तो फौजदारी नाही.

अभिरूप_मंडळ, पुणे

खूप आभार सगळ्यांचे. एकच शंका. निकालानंतर न्यायाधीशाने फोरमनला ‘का?’ असं विचारलं तर चालेल का? प्रेक्षकांना तेच ऐकायचं असणार.

शिवाजीनगर_वकील

खटला चालू असताना नाही. कलम ३०३ प्रमाणे निकाल *काय* आहे हे नक्की करण्यापुरतेच प्रश्न विचारता येतात आणि प्रश्न-उत्तर दोन्ही नोंदवायची. ‘का’ विचारलंत की तिन्हींतली पहिलीच गोष्ट, कारण न देणं, निघून जाते आणि नलिफिकेशन दाखवायला जागाच राहत नाही.

तुमची अडचण अशी सोडवा. ज्युरी खोलीतून निघण्यापूर्वी प्रत्येकाने बिननावाची एक चिठ्ठी भरायची, तीन पर्याय : आरोप शाबीत झाला नाही, शाबीत झाला आणि मी दोषी म्हटलं, शाबीत झाला तरी मी निर्दोष म्हटलं. चिठ्ठ्या पेटीत बंद. निकाल वाचून न्यायालय उठलं की मग चर्चेत पेटी उघडा. नलिफिकेशन फक्त तिसऱ्या पर्यायात आहे. भरण्याआधी ‘शाबीत झाला’ म्हणजे वाजवी संशयापलीकडे, एवढं समजावून सांगा. नाहीतर संशय असलेले लोकसुद्धा तिसऱ्यावर खूण करतात आणि आकडा फुगतो.

आता आजच्या काळाबद्दल, कारण तो प्रश्न राहून गेला. आज सत्र न्यायाधीशाला कलम ३९३ (भारतीय नागरिक सुरक्षा संहिता, म्हणजे आजची फौजदारी प्रक्रिया संहिता) प्रमाणे मुद्दे, निर्णय आणि कारणं लिहावीच लागतात. सुटकेविरुद्ध सरकारला कलम ४१९ खाली अपील आहे, सत्र न्यायालयाच्या निकालाविरुद्ध असेल तर उच्च न्यायालयाची परवानगी घेऊन. पीडित व्यक्तीला कलम ४१३च्या परंतुकाने स्वतंत्र अपील आहे आणि २०१८च्या कोडगली निकालानुसार तिला परवानगी लागत नाही. तिन्ही आधार गेले. न्यायाधीशाला मोकळीक आहे ती पुराव्याच्या मूल्यमापनात : दोन निष्कर्ष वाजवीपणे निघत असतील तर अपिलात सुटका सहसा फिरवत नाहीत, हे २००७च्या चंद्रप्पा निकालात आहे. पण ‘आरोप शाबीत आहे, कायदा पटत नाही, सोडतो’ असा निकाल एका तारखेतही टिकणार नाही.

दबलेली गरज मग दुसरीकडून बाहेर येते. सरकारी वकील कलम ३६० खाली न्यायालयाच्या संमतीने खटला मागे घेतो, आंदोलनांच्या गुन्ह्यांत हे नेहमी होतं. क्षुल्लक अपायाला भारतीय न्याय संहितेचं (आजची दंड संहिता) कलम ३३ आहे. पहिल्या गुन्ह्याला १९५८चा परिवीक्षा कायदा आहे, किमान शिक्षा सांगणाऱ्या विशेष कायद्यांपुढे तो बहुधा अडतो. उच्च न्यायालय कलम ५२८ खाली गुन्हा रद्द करतं. राज्यपालांची माफी अनुच्छेद १६१ खाली. नानावटींना १९६४ मध्ये तीच मिळाली, राज्यपाल विजयालक्ष्मी पंडित होत्या.

आणि एक वाट कुठल्याच कलमात नाही : साक्षीदार फितूर होणं. सतरा वर्षांची मुलगी आणि विशीतला मुलगा पळून जाऊन लग्न करतात, वडील तक्रार देतात, पोक्सो (बालकांना लैंगिक अत्याचारांपासून संरक्षण देणारा कायदा) लागतो. अठराच्या आतल्या संमतीला कायद्यात किंमत नाही. खटला उभा राहीपर्यंत घरं जुळलेली असतात, मुलगी पिंजऱ्यात येऊन जबाब फिरवते, आरोपी सुटतो. गावाने कायदा नाकारला, पण शपथेवर खोटं बोलून. तेच पश्चिम बंगालच्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने उघडपणे हाताळलं : ऑगस्ट २०२४ मध्ये दोषसिद्धी परत लावली आणि मे २०२५ मध्ये अनुच्छेद १४२ (पूर्ण न्यायासाठीचा विशेष अधिकार) वापरून शिक्षा न देण्याचा निर्णय दिला, सगळी कारणं लिहून. ज्युरी असती तर एका शब्दात सोडून दिलं असतं, पण दोषसिद्धीचा डागही राहिला नसता. कुठलं बरं यावर माझं मत स्पष्ट आहे : कारण लिहिलेलं बरं, ते वाचता येतं, त्याविरुद्ध जाता येतं. पण ही सोय फक्त सर्वोच्च न्यायालयाला आहे, शिवाजीनगरच्या विशेष न्यायाधीशाला नाही, आणि खरी अडचण तिथे रोज समोर येते.

चर्चासत्रात वेळ उरला तर हाच पोक्सोचा नमुना ज्युरीपुढे ठेवा, त्याच तीन पर्यायांच्या चिठ्ठीसह. टिळकांच्या खटल्यात तिसऱ्या पर्यायावर खूण करणारे लोक इथे काय करतात, ते तुमच्या चर्चेसाठी जास्त कामाचं ठरेल. मात्र नावं, गाव, वय बदलून काल्पनिक नमुना घ्या; पोक्सोच्या कलम २३ प्रमाणे मुलीची ओळख उघड करणं हा गुन्हा आहे, आणि अभिरूप न्यायालय त्याला अपवाद नाही.